जिने वल्हे हाती घेतले : मार्गारेट ब्राऊन

भगिनींनो, आपल्या स्मरणिकेत दरवर्षी एका कर्तबगार स्त्रीचे चरित्र देण्याची रीत आहे. जिजामाता, अहिल्याबाई, सावित्रीबाई, पंडिता रमाबाई यांची चरित्रे आपण सर्वांनी आदराने वाचली आहेत. यंदा मी जरा दूरच्या मुलखातील एका बाईची हकीकत सांगणार आहे. तिचे नाव मार्गारेट ब्राऊन. टायटॅनिक नावाच्या आगबोटीची गोष्ट ज्यांनी ऐकली आहे, त्यांच्या कानावर हेही नाव कधीतरी आले असेल; कारण त्या आगबोटीतून जी माणसे वाचली, त्यांत हिच्याइतके नाव फार थोड्यांचे झाले.

टायटॅनिक हिमनगावर आपटली आणि बुडाली, हे शाळेतले मूलही सांगेल. पण आगबोट बुडणे निराळे आणि माणसे बुडणे निराळे. आगबोट आपटल्यापासून दिसेनाशी होईपर्यंत दोन तास चाळीस मिनिटे गेली. समुद्र अगदी शांत होता. होड्या होत्या. तरीही सुमारे दीड हजार माणसे मेली, आणि होड्यांत साडेचारशेहून अधिक जागा रिकाम्या गेल्या. पंगतीत पाने मांडलेली आणि बाहेर माणसे उपाशी उभी, असा तो प्रकार झाला. हे कसे घडले, आणि त्यात एका बाईने काय केले, हे कळावे म्हणून हे चरित्र लिहीत आहे.

मार्गारेटचा जन्म १८ जुलै १८६७ रोजी अमेरिकेतील मिसुरी प्रांतात, मिसिसिपी नदीच्या काठी हॅनिबल नावाच्या गावी झाला. आईवडील मूळचे आयर्लंडचे. पोटासाठी देश सोडून आलेले. टोबिन हे त्यांचे आडनाव. वडील मजुरी करून संसार चालवीत. घर लहान, माणसे पुष्कळ. मार्गारेटला शिक्षणाची आवड होती, पण तेराव्या वर्षी शाळा सुटली आणि तंबाखूच्या कारखान्यात पाने सोलण्याचे काम तिच्या वाट्याला आले. आपल्यापैकी कितीजणींची शाळा अशीच सुटली आहे, ते मी सांगायला नको. माझी सातवीला सुटली. म्हणूनच या मुलीविषयी मला पहिल्यापासून आपलेपणा वाटला.

अठराव्या वर्षी ती आपल्या भावाबरोबर कोलोरॅडो प्रांतात लेडव्हिल या खाणीच्या गावी गेली. तेथे एका कापडाच्या दुकानात गालिचे आणि पडदे शिवण्याचे काम तिला मिळाले. श्रीमंत नवरा करावा आणि कष्ट करून थकलेल्या वडिलांना सुखात ठेवावे, असे तिच्या मनात होते. पण मन जडले ते जेम्स जोसेफ ब्राऊन नावाच्या खाणीतल्या माणसावर. तिने पुष्कळ विचार केला आणि पैशापेक्षा माणूस बरा असे ठरवून १ सप्टेंबर १८८६ रोजी त्याच्याशी लग्न केले. ती एकोणीस वर्षांची, तो तिच्याहून बारातेरा वर्षांनी मोठा. संसार लाकडी खोपटात सुरू झाला. लॉरेन्स हा मुलगा आणि हेलन ही मुलगी अशी दोन अपत्ये झाली.

१८९३ साली चांदीचा भाव कोसळला. लेडव्हिलच्या खाणी बंद पडल्या आणि घरोघर चुली थंडावल्या. त्या दिवसांत मार्गारेटबाईंनी खाणकामगारांच्या बायकामुलांसाठी अन्नछत्रात काम केले. इकडे त्यांचे यजमान लिटल जॉनी नावाच्या खाणीत सोने शोधीत होते. सोने होते, पण भुसभुशीत वाळू सारखी ढासळून रस्ता बंद करी. त्यांनी गवताच्या पेंढ्या आणि लाकडाचे टेकू लावून ती वाळू अडवली आणि सोन्याची मोठी शीर हाती लागली. कंपनीने त्यांना भागीदार केले. एका वर्षात खोपटातील माणसे लक्षाधीश झाली.

१८९४ साली ब्राऊन कुटुंब डेन्व्हर शहरी मोठे घर घेऊन राहू लागले. एकदम पैसा आला की माणसे दागिने करतात, बंगले सजवतात. तेही त्यांनी केले. पण त्याबरोबर मार्गारेटबाईंनी शिकायला सुरुवात केली. घरी दोन मुले, शिवाय भावाच्या आईवेगळ्या तीन मुली सांभाळून, मोठ्या वयात त्यांनी परकीय भाषांचा आणि वाङ्मयाचा अभ्यास केला. फ्रेंच आणि जर्मन त्यांना चांगली येऊ लागली. ही विद्या पुढे एका भयंकर सकाळी किती उपयोगी पडली, ते आपण पाहूच. डेन्व्हरच्या महिला मंडळाच्या त्या सुरुवातीपासूनच्या सभासद होत्या. शाळा, रुग्णालय, चर्च यांसाठी त्यांनी निधी गोळा केला. लहान वयात गुन्ह्यात सापडलेल्या मुलांना मोठ्या कैद्यांबरोबर तुरुंगात टाकू नये, त्यांच्यासाठी वेगळे न्यायालय असावे, म्हणून बेन लिंडसे या न्यायाधीशांनी जी चळवळ केली, तिला बाईंनी पैसा आणि कष्ट दोन्ही दिले.

संसार मात्र शेवटपर्यंत जुळून राहिला नाही. नवऱ्याला घर आणि खाण पुरेशी होती, हिला सारे जग हवे होते. १९०९ साली दोघे वेगळे राहू लागले. धर्म रोमन कॅथॉलिक असल्यामुळे घटस्फोट घेतला नाही. एकमेकांविषयी वाईट बोलणेही केले नाही, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

१९१२ च्या आरंभी मार्गारेटबाई इजिप्तच्या प्रवासाला गेल्या होत्या. परत येताना पॅरिसला त्यांना निरोप मिळाला की पहिला नातू आजारी आहे. आजीचा जीव राहतो का? मिळेल त्या पहिल्या आगबोटीने निघायचे, असे त्यांनी ठरवले. ती आगबोट टायटॅनिक निघाली. मुलगी हेलन युरोपातच राहिली आणि मार्गारेटबाई १० एप्रिल १९१२ रोजी संध्याकाळी फ्रान्समधील शेरबूर्ग बंदरात एकट्याच चढल्या.

याच आगबोटीवर दुसऱ्या वर्गात ॲनी फंक नावाची एक अमेरिकन मिशनरी बाई होती. ती हिंदुस्थानातून आली होती. आज जे छत्तीसगड आहे, तेथील जांजगीर गावी तिने मुलींची शाळा काढली होती. आई आजारी असल्याची तार आली म्हणून ती मुंबईस येऊन बोटीत बसली. इंग्लंडमध्ये कोळशाच्या संपामुळे तिची ठरलेली आगबोट रद्द झाली आणि तिला टायटॅनिकवर जागा देण्यात आली. १२ एप्रिलला तिला अडतीस वर्षे पुरी झाली. एक बाई आजारी नातवासाठी निघालेली, दुसरी आजारी आईसाठी. पहिली घरी पोहोचली, दुसरी पोहोचली नाही.

आता त्या होड्यांविषयी सांगते, कारण सारे मर्म तेथे आहे. एवढी मोठी आगबोट बुडू लागली तर माणसांना उतरवून घेण्यासाठी तिच्या दोन्ही अंगांना होड्या टांगलेल्या असतात. त्यांना लाइफबोट म्हणतात. टायटॅनिकवर अशा वीस होत्या. पासष्ट माणसांच्या चौदा, चाळीस माणसांच्या दोन आणि कापडी बाजूंच्या, सत्तेचाळीस माणसांच्या चार. साऱ्या मिळून ११७८ माणसांची सोय. आणि आगबोटीवर माणसे होती सुमारे २२००. म्हणजे सगळे काही व्यवस्थित झाले असते, तरी निम्म्या माणसांना जागाच नव्हती.

हे कायद्याविरुद्ध होते का? नाही. इंग्लंडच्या सरकारने १८९४ साली नियम केला होता की दहा हजार टन आणि त्यावरच्या आगबोटींना सोळा होड्या असाव्यात. त्यानंतर आगबोटी वाढत गेल्या. टायटॅनिक ४६ हजार टनांची झाली, पण नियम होता तेथेच राहिला. मूल दहा वर्षांचे झाले तरी तान्हेपणीचे अंगडे त्यालाच घालावे, तसे हे झाले. उलट नियमापेक्षा चार होड्या आपण जास्तच ठेवल्या, असे मालकांना म्हणता येत होते. होड्या टांगण्याचे जे लोखंडी हात बसवले होते, त्यांवर आणखी पुष्कळ होड्या राहू शकल्या असत्या. पण डेकवर गर्दी होते, श्रीमंत उतारूंना फिरायला मोकळी जागा हवी, हा विचार होता. शिवाय असा समज होता की मोठी आगबोट बुडायला पुष्कळ वेळ लागेल, तोवर दुसरी येईल, आणि होड्या माणसांची नेआण करण्यापुरत्याच लागतील. १९०९ साली रिपब्लिक नावाच्या आगबोटीचा अपघात झाला तेव्हा खरोखरच तसे झाले होते. एकदा निभावले की माणूस धडा घेत नाही, उलट निर्धास्त होतो.

१४ एप्रिल, रविवारची रात्र. मार्गारेटबाई पलंगावर पडून पुस्तक वाचीत होत्या. अकरा वाजून चाळीस मिनिटांनी आगबोट हिमनगाला घासली. पुष्कळांना तो धक्का जाणवलाही नाही. आगबोट वाचणार नाही, हे कप्तान स्मिथ यांना थोड्याच वेळात कळले. पण उतारूंना स्पष्ट कोणी सांगितले नाही. सगळ्यांना एकदम ऐकू जाईल अशी धोक्याची घंटा नव्हती. नोकर दारोदार जाऊन पट्टे बांधा, वर चला, असे सांगत होते. कोणी कोणत्या होडीत बसायचे, हे कोणाही उतारूला ठाऊक नव्हते. उतारूंकडून होड्यांचा सराव एकदाही करून घेतलेला नव्हता. खलाशांनाही आपापल्या होडीचा नीट सराव नव्हता.

पहिली होडी खाली सोडली तेव्हा पाऊण वाजला होता. एक तास असाच गेला होता. त्या होडीत पासष्टांची जागा आणि माणसे होती अठ्ठावीसच्या सुमारास. पुढे एक होडी चाळीस माणसांची असून बारा माणसे घेऊन गेली. असे का झाले? एक तर लोकांना खरे वाटत नव्हते. वर दिवे लखलखत होते, बँड वाजत होता. अशा उबदार घरासारख्या आगबोटीतून काळोख्या थंड पाण्यावर लोंबकळणाऱ्या होडीत कोण बसणार? दुसरे म्हणजे, भरलेली होडी दोरांवरून सोडली तर ती मधेच मोडेल, अशी काही अधिकाऱ्यांना भीती वाटत होती. वास्तविक होड्या पुऱ्या भरून सोडण्याइतक्या मजबूत होत्या, पण हे त्यांना कोणी सांगितलेले नव्हते. अर्धी भरून सोडू, मग खालच्या दारातून बाकीची माणसे घेऊ, असाही बेत होता. तो तसाच राहिला.

तिसरी गोष्ट बायका आणि मुले आधी, या आज्ञेची. आगबोटीच्या उजव्या अंगाला मर्डॉक नावाच्या अधिकाऱ्याने तिचा अर्थ असा घेतला की आधी बायकामुले, आणि जवळ कोणी बाई नसेल तर पुरुषांनी बसावे. डाव्या अंगाला लाइटोलर यांनी अर्थ घेतला की बायका आणि मुलेच. होडीत जागा असली, शेजारी नवरा उभा असला, तरी तो नाही. मग कित्येक बायका नवऱ्याला सोडून बसायला तयार होईनात. इडा स्ट्रॉस नावाच्या वृद्ध बाई नवऱ्याचा हात सोडून गेल्या नाहीत आणि दोघेही गेली. एकच आज्ञा, पण दोन अंगांना दोन अर्थ.

आणि तिसऱ्या वर्गाचे काय? ती गोरगरीब माणसे खालच्या मजल्यांवर. होड्या सर्वांत वर, पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाच्या डेकवर. मध्ये अडसर, वळणावळणाचे बोळ, पाट्या इंग्रजी, आणि कितीजणांना ती भाषा येत नाही. त्यांना वर नेण्याची कोणावर नेमून जबाबदारी नव्हती. हार्ट नावाच्या एका नोकराने दोन खेपांत बायकामुलांना वाट दाखवून होड्यांपर्यंत आणले. असे आणखी दहाजण असते तर! पुढे इंग्लंडच्या चौकशीत आकडे आले. पहिल्या वर्गातील १४४ स्त्रियांपैकी १४० वाचल्या. तिसऱ्या वर्गातील १६५ पैकी ७६. तिसऱ्या वर्गातील ७९ मुलांपैकी २७ वाचली. बायका आणि मुले आधी, ही आज्ञा खालच्या मजल्यापर्यंत पोहोचलीच नाही.

मार्गारेटबाई पहिल्या वर्गात होत्या. लोकरी मोजे, गरम कपडे चढवून त्या वर आल्या आणि इतर बायकांना होडीत बसायला मदत करू लागल्या. आपण कधी बसायचे, याची त्यांना घाई नव्हती. त्या तेथून चालू लागल्या, तोच कोणीतरी त्यांना धरून चारेक फूट खाली, सुटू लागलेल्या सहा नंबरच्या होडीत टाकले. तेव्हा रात्रीचा एक वाजला असेल. त्या पासष्टांच्या होडीत पंचवीसच्या आतबाहेर माणसे होती, आणि बहुतेक बायकाच. खलाशी दोन. त्यांपैकी एक हिचेन्स, जो आपटतेवेळी आगबोटीचे सुकाणू धरून होता. दुसरा फ्लीट, ज्याने हिमनग प्रथम पाहिला. वल्ही मारायला माणसे नाहीत असे दिसल्यावर पेकन नावाचे एक कॅनडाचे गृहस्थ, ज्यांना शिडाच्या होड्यांची सवय होती, ते दोरावरून घसरत होडीत उतरले.

होडी हिचेन्सच्या ताब्यात होती. तो सुकाणू धरून बसला. आगबोट बुडताना आपल्याला ओढून नेईल, आपण दिवसचे दिवस भरकटत राहू, पाणी नाही, अन्न नाही, असे सारखे तो बोलत राहिला, असे होडीतल्या बायकांनी पुढे सांगितले. मार्गारेटबाईंनी त्याच्याशी वाद घालीत बसण्याऐवजी एक वल्हे उचलले. शेजारणीला दुसरे धरायला लावले. रेशमी झगे घातलेल्या, घरी पाण्याचा पेलासुद्धा नोकराच्या हातून घेणाऱ्या त्या बायका वल्ही मारू लागल्या. हातांना काम मिळाले तसे अंगात ऊब आली आणि मनाला धीर आला. घरात दुःख झाले म्हणजे जाणत्या बायका रडणारीच्या हाती काहीतरी काम देतात, त्यातले शहाणपण हेच.

दोन वाजून वीस मिनिटांनी टायटॅनिक पाण्याखाली गेली. त्यानंतर जो आक्रोश उठला, तो वाचलेली माणसे जन्मभर विसरली नाहीत. पाण्यात शेकडो माणसे होती. सर्वांना पुरतील इतके तरंगते पट्टे आगबोटीवर होते, त्यामुळे ती लगेच बुडाली नाहीत. पण पाणी बर्फापेक्षाही गार. ती थंडीने मेली. सहा नंबरच्या होडीत चाळीस जागा रिकाम्या होत्या. मार्गारेटबाई आणि इतर बायकांनी परत फिरण्याचा आग्रह धरला. हिचेन्सने ऐकले नाही. माणसे होडीला लोंबकळतील आणि आपण सारेच जाऊ, असे त्याचे म्हणणे. पुढे चौकशीत त्याने आपली बाजू निराळी सांगितली. पण होडी परत गेली नाही, हे खरे. आणि ती एकटीच नव्हे. इतक्या होड्यांपैकी लो नावाच्या अधिकाऱ्याची एकच होडी मुद्दाम मागे फिरून माणसे शोधायला गेली. तीही आक्रोश थांबल्यावर. तिला चारजण सापडले आणि त्यांतला एक थोड्याच वेळात गेला.

रात्री काही वेळ सहा नंबरची होडी दुसऱ्या एका होडीला बांधून ठेवली होती. तेथून एक भट्टीवाला हिच्यात वल्ही मारायला आला. आगीपुढे काम करणारा माणूस, अंगावर धड कपडे नाहीत, थंडीने काकडत होता. मार्गारेटबाईंनी आपल्या अंगावरची किमती फरची ओढणी काढून त्याच्या पायांना गुंडाळली. हातपाय हालते राहावेत म्हणून बायकांना पुन्हा वल्ही मारायला लावले. हिचेन्स अडवायला उठला तेव्हा पुढे याल तर पाण्यात ढकलीन, असे त्यांनी त्याला बजावले. त्यानंतर त्या होडीत आज्ञा त्यांचीच चालली.

पहाटे चारच्या सुमारास कार्पेथिया नावाची आगबोट मदतीला आली. तिचे कप्तान रॉस्ट्रन यांची गोष्ट गृहिणींनी मुद्दाम ऐकावी. बिनतारी संदेश मिळाल्याबरोबर त्यांनी आगबोट वळवली आणि वाटेतच सगळी तयारी करून ठेवली. खोल्यांतील गरम वाफ बंद करून ती इंजिनाला दिली. गरम सूप, कॉफी, कांबळी तयार. तीन डॉक्टर तीन जेवणघरांत बसवलेले. चढण्याची दारे आधीच उघडून शिड्या सोडलेल्या, आजाऱ्यांसाठी दोराला खुर्च्या, लहान मुलांना वर ओढून घ्यायला पिशव्या. कोणी कोठे उभे राहायचे, हे प्रत्येकाला नेमून दिलेले. पाहुणे येण्याआधी चुलीपासून पानापर्यंत सारे मनात मांडून ठेवणारी बाई जशी असते, तसा हा माणूस. ज्या आगबोटीकडे सर्व काही होते तिने आधी काही ठरवले नव्हते, आणि या साध्या आगबोटीने साऱ्याचा विचार केला होता.

सहा नंबरची होडी सकाळी आठच्या सुमारास पोहोचली. हातांना फोड आलेल्या मार्गारेटबाई वर चढल्या आणि विश्रांती घेण्याऐवजी कामाला लागल्या. वाचलेली सातशेबारा माणसे, त्यांत नवरा गेलेल्या कितीतरी बायका, ज्यांना इंग्रजीचा शब्द कळत नाही, ज्यांच्या अंगावरच्या वस्त्राखेरीज काही उरले नाही. जेथे जेथे बाईंची भाषा चालली, तेथे त्यांनी जवळ बसून विचारपूस केली, नावे लिहून घेतली, कपडे आणि कांबळी वाटली. मग पहिल्या वर्गातील वाचलेल्या श्रीमंतांना गाठले आणि निधी जमवला. १८ एप्रिलला न्यूयॉर्क बंदर लागेपर्यंत जवळजवळ दहा हजार डॉलर जमले होते. ज्यांना न्यायला कोणी आले नव्हते, त्यांची सोय लागेपर्यंत त्या उतरल्या नाहीत. ज्याच्यासाठी निघाल्या होत्या तो नातू बरा झाला होता.

वाचलेल्यांनी एक समिती केली आणि मार्गारेटबाईंना अध्यक्ष निवडले. त्याच वर्षी २९ मे रोजी कप्तान रॉस्ट्रन यांना रुपेरी चषक आणि त्यांच्या खलाशांना पदके समितीतर्फे त्यांच्या हस्ते देण्यात आली. पण अमेरिकेच्या सरकारने जी चौकशी चालवली, तिच्यात साक्ष द्यायला त्यांना बोलावले नाही. ज्या बाईने होडी चालवली, तिला होडीविषयी कोणी विचारले नाही. मग त्यांनी आपली हकीकत वर्तमानपत्रांतून छापली.

त्यांचे एक मत तेव्हा अनेकांना आवडले नाही. बायका आधी, ही समुद्रावरची रीत आपल्याला पटत नाही, असे त्यांनी उघड सांगितले. जमिनीवर समान हक्क मागायचे तर ते समुद्रावरही मागावेत, आणि कुटुंबे तोडून विधवा मागे ठेवण्यात दया नाही, असे त्यांचे म्हणणे होते. याविषयी आपल्या मंडळातही दोन मते होतील. मला एवढे वाटते की, सर्वांना पुरतील इतक्या होड्या असत्या तर आधी कोण आणि मागे कोण, हा प्रश्न पडलाच नसता. घरात पुरेसे अन्न शिजलेले असले तर कोणाला मन मोठे करून उपाशी राहावे लागत नाही.

पुढे लंडनला अनेक राष्ट्रांची परिषद भरली आणि २० जानेवारी १९१४ रोजी करार झाला. आगबोटीवर जितकी माणसे तितक्यांना होडीत जागा, खलाशांकडून होड्यांचा सराव आणि बिनतारी यंत्रावर अखंड पहारा, अशी कलमे त्यात आली. वेळोवेळी सुधारलेला तो करार आजही चालू आहे.

मार्गारेटबाई तेथे थांबल्या नाहीत. १९१४ च्या एप्रिलमध्ये कोलोरॅडोत लडलो येथे संपकरी खाणकामगारांच्या तंबूंवर सैनिकांनी गोळीबार केला, तंबू जाळले. एका खड्ड्यात लपलेल्या दोन स्त्रिया आणि अकरा मुले मेली. खाणीच्या सोन्यावर श्रीमंत झालेल्या या बाईंनी खाणमालकांची भीड धरली नाही. परिचारिका, कपडे, जोडे यांची मदत उभी केली आणि कामगारांच्या बाजूने बोलल्या. कोलोरॅडोत स्त्रियांना १८९३ पासून मत होते, पण साऱ्या अमेरिकेत ते १९२० साली मिळाले. त्याच्याही आधी, १९१४ साली, बाईंनी सेनेटच्या निवडणुकीला उभे राहण्याची तयारी केली होती. महायुद्ध सुरू झाले आणि तो बेत राहिला. युद्धात फ्रान्समधील उद्ध्वस्त गावांसाठी आणि जखमी सैनिकांसाठी त्यांनी काम केले. १९३२ साली फ्रान्सने त्यांना मोठा सन्मान दिला.

उतारवय फार सुखाचे गेले नाही. १९२२ साली यजमान मृत्युपत्र न करता वारले आणि इस्टेटीवरून मुलांशी तंटा लागला. २६ ऑक्टोबर १९३२ रोजी न्यूयॉर्कमध्ये, वयाच्या पासष्टाव्या वर्षी, मेंदूतील गाठीने त्यांचा अंत झाला. त्यांना यजमानांच्या शेजारी पुरण्यात आले. पुढे १९६० साली त्यांच्यावर संगीत नाटक निघाले आणि नंतर चित्रपट. त्यांतून मॉली हे नाव रूढ झाले. हयातीत त्यांना कोणी मॉली म्हटले नव्हते. त्यांचे डेन्व्हरमधील घर पाडायचे होते, ते शहरातील लोकांनी १९७० साली वाचवले. आज तेथे संग्रहालय आहे.

भगिनींनो, होड्यांची गोष्ट जुनी झाली असे कोणी समजू नये. १७ जुलै १९४७ रोजी मुंबईहून रेवसला निघालेली रामदास बोट पावसाळी समुद्रात उलटली आणि सहाशेंहून अधिक माणसे गेली. कोकणात अजून तिचे नाव निघाले की म्हातारी माणसे गप्प होतात. १६ एप्रिल २०१४ रोजी दक्षिण कोरियात सेवॉल नावाची बोट बुडाली. सहलीला निघालेल्या शाळकरी मुलांना आपापल्या जागी बसून राहा असे सांगत राहिले, आणि कप्तान स्वतः बाहेर पडला. ३०४ जीव गेले. तेव्हा नियम होते, साधने होती. वेळेवर बाहेर काढणारे कोणी नव्हते.

मार्गारेटबाईंना न बुडणारी म्हणतात. पण त्या वाचल्या त्या पहिल्या वर्गाच्या तिकिटाने आणि कोणीतरी होडीत टाकले म्हणून. त्याचे श्रेय त्यांचे नाही. त्यांचे श्रेय आहे ते होडीत पडल्यानंतरचे. हाताशी जे वल्हे होते ते त्यांनी उचलले, इतरांच्या हाती दिले, परत फिरण्याचा आग्रह धरला आणि तो हरल्यावर, वाचलेल्यांत ज्यांचे सर्वस्व गेले होते, त्यांच्यासाठी हात पसरला.

आपले मंडळ सहलीला जाते, तर, तलावात किंवा खाडीत बोटीत बसतो. यापुढे बसण्याआधी विचारू या की माणसे किती, पट्टे किती, ते कोठे ठेवले आहेत आणि कसे बांधायचे. पट्टे कमी असतील तर दुसऱ्या खेपेला जाऊ. असे विचारणारी बाई भित्री ठरत नाही. आणि आपल्या घरात, चाळीत, मंडळात प्रसंग आला तर कोणी कोणाला हाताला धरून न्यायचे, म्हाताऱ्यांना कोणी, मुलांना कोणी, हे आधीच ठरवून ठेवू या. खालच्या मजल्यावरच्यांना हाक मारायला मात्र विसरू नका.